तुटलेल्या मज्जातंतूला रेशमाचा आधार

वैरण कापताना कडबाकुट्टी यंत्रात हात सापडणे, ऊसतोडणीच्या वेळी कोयता निसटून मनगटावर बसणे, फुटलेल्या काचेने तळहात चिरला जाणे, असे अपघात ग्रामीण भागाला नवीन नाहीत. जखम शिवली जाते, काही दिवसांनी टाके निघतात, कातडी भरून येते आणि घरची मंडळी निश्चिंत होतात. महिना-दीड महिन्यानंतर मात्र लक्षात येते की, अंगठा आणि त्याच्या शेजारची दोन बोटे बधिर आहेत. सदऱ्याचे बटण लावता येत नाही, खिशातील नाणे चाचपून ओळखता येत नाही, चहाचा पेला हातातून निसटतो. जखम बरी झालेली असते. हात मात्र बरा झालेला नसतो. याचे कारण पुष्कळदा एकच असते. कातडीखालील मज्जातंतू तुटलेला असतो आणि तो कोणी जोडलेला नसतो.

अशा तुटलेल्या मज्जातंतूच्या दोन टोकांमधील अंतर सांधण्यासाठी रेशमाच्या प्रथिनापासून केलेल्या बारीक नळ्यांचा उपयोग करता येईल काय, या प्रश्नावर गेली सुमारे वीस वर्षे चीन, जर्मनी, इटली, ऑस्ट्रिया आदी देशांत पद्धतशीर संशोधन चालू आहे. त्याच्या त्रोटक बातम्या वाचनात आल्या म्हणजे अर्धांगवायूने अंथरुणास खिळलेल्या रुग्णाच्या घरी आशा उत्पन्न होणे साहजिक आहे. म्हणून एक गोष्ट प्रारंभीच स्पष्ट केलेली बरी. हे संशोधन हात, पाय, चेहरा इत्यादी अवयवांकडे जाणाऱ्या मज्जातंतूंविषयीचे आहे. मेंदूतील रक्तस्रावाने अथवा रक्तप्रवाह खुंटल्याने आलेला लकवा आणि पाठीच्या कण्यातील मज्जारज्जूला झालेली इजा हे प्रश्न निराळे आहेत आणि रेशमाच्या नळीने ते सुटणारे नाहीत.

नस, शीर आणि मज्जातंतू

बोलीभाषेत ‘नस’ हा शब्द फार सैलपणे वापरला जातो. रक्त वाहणारी शीर हीसुद्धा नस, स्नायू हाडाला जोडणारा पांढरा दोर हीसुद्धा नस आणि संवेदना वाहून नेणारा मज्जातंतू हीसुद्धा नसच. शब्दाचा हा घोळ निरुपद्रवी नाही. ‘नस कापली होती, पण डॉक्टरांनी रक्त थांबवले’ असे नातेवाईक सांगतात, तेव्हा शीर बांधली गेली एवढेच त्यातून कळते. तिच्या शेजारून जाणाऱ्या मज्जातंतूचे काय झाले, हे त्यातून कळत नाही.

मज्जातंतू हा पांढुरक्या रंगाचा, स्पर्शाला मऊ असा दोर असतो. मनगटापाशी त्याची जाडी साधारण पेन्सिलीतील शिशापेक्षा थोडी अधिक असते. टेलिफोनच्या केबलमध्ये जशा अनेक तारा जुडग्यांनी बांधलेल्या असतात, तसे त्यात हजारो सूक्ष्म अक्षतंतू जुडग्याजुडग्यांनी असतात. प्रत्येक अक्षतंतू म्हणजे एकाच पेशीचा लांबलेला भाग होय. ती पेशी मज्जारज्जूत किंवा त्याच्या लगत असते आणि तिचा तंतू थेट बोटाच्या टोकापर्यंत पोचतो. अक्षतंतूंभोवती श्वॉन पेशींचे वेष्टण असते. जर्मन शास्त्रज्ञ थिओडोर श्वॉन याच्या नावावरून त्यांना हे नाव मिळाले. पुढील सर्व विवेचनात या पेशींना मोठे स्थान आहे.

मज्जातंतू कापला गेला की कापल्या जागेपलीकडचा अक्षतंतूंचा भाग मूळ पेशीपासून तुटल्यामुळे काही दिवसांतच नष्ट होतो. इंग्लंडमधील ऑगस्टस वॉलर याने बेडकाच्या जिभेच्या मज्जातंतूंवर प्रयोग करून १८५० साली ही क्रिया प्रथम व्यवस्थित नोंदविली. अक्षतंतू नष्ट झाले तरी श्वॉन पेशी मात्र मरत नाहीत. त्या मोडतोड साफ करतात, संख्येने वाढतात आणि रिकाम्या झालेल्या मार्गावर रांगा धरून उभ्या राहतात. इकडे वरच्या टोकातून नवे अंकुर फुटतात. त्यांना या रांगा सापडल्या तर ते त्यांच्या आधाराने पुढे सरकतात. वेल मांडवावर चढावा तसाच हा प्रकार असतो. मांडव नसेल तर अंकुर जागच्या जागी गुंतागुंत करून एक गाठ तयार करतात आणि ती गाठ पुढे कित्येक वर्षे दुखत राहते.

अंकुरांच्या वाढीचा वेग दिवसाला सुमारे एक मिलिमीटर एवढाच असतो. हा आकडा लहान दिसला तरी रुग्णाचे भवितव्य त्यावरच ठरते. मनगटापाशी तुटलेला मज्जातंतू लगेच जोडला, तर अंगठ्याच्या मुळाशी असलेल्या स्नायूपर्यंतचे सात-आठ सेंटिमीटरचे अंतर तोडण्यास, सुरुवातीचे काही आठवडे धरून, तीन ते चार महिने लागतात. बोटाच्या टोकापर्यंत संवेदना पोचण्यास सहा महिन्यांहून अधिक काळ जातो. इजा काखेजवळ असेल तर हाताच्या पंजातील स्नायूंपर्यंतचे अंतर अर्ध्या मीटरहून जास्त भरते आणि हिशेब दीड वर्षावर जातो. स्नायू मात्र तेवढा काळ थांबत नाही. संदेशाविना पडून राहिलेला स्नायू रोडावत जातो आणि साधारण बारा ते अठरा महिन्यांनंतर मज्जातंतू त्याच्यापर्यंत पोचला तरी तो पूर्ववत काम करू शकत नाही. संवेदना पुष्कळ उशिरानेही काही प्रमाणात परत येऊ शकते. शक्तीच्या बाबतीत तशी सवलत नाही.

अंतर सांधण्याचे प्रचलित उपाय

धारदार शस्त्राने स्वच्छ कापलेल्या मज्जातंतूची दोन टोके सूक्ष्मदर्शकाखाली केसाहून बारीक धाग्याने एकमेकांस जोडता येतात. पण यंत्रात चिरडलेल्या हातात मधला काही भाग निकामी झालेला असतो आणि तो कापून टाकावा लागतो. मग दोन टोकांत अंतर पडते. पूर्वी हे अंतर टोके ताणून भरून काढीत. ताणामुळे रक्तपुरवठा खुंटतो आणि जोड वाया जातो, हे व्हिएन्नाचे शल्यविशारद हान्नो मिलेसी यांनी १९६० व १९७० च्या दशकांत दाखवून दिले. तेव्हापासून ताण न देता मध्ये मज्जातंतूचेच कलम बसविण्याची पद्धत रूढ झाली.

हे कलम रुग्णाच्या स्वतःच्या शरीरातून घेतात. बहुधा पायाच्या पोटरीमागून जाणारा एक संवेदक मज्जातंतू काढून त्याचे तुकडे हातात बसवितात. आजही याच पद्धतीला सर्वांत विश्वासार्ह मानले जाते आणि कोणत्याही नव्या साधनाची परीक्षा तिच्याशीच तुलना करून होते. तथापि तिची किंमत रुग्णालाच चुकवावी लागते. शस्त्रक्रिया एकीऐवजी दोन ठिकाणी होते आणि पावलाची बाहेरची कड कायमची बधिर होते. शेतात अनवाणी चालणाऱ्या माणसाच्या दृष्टीने ही गोष्ट क्षुल्लक म्हणता येणार नाही. शिवाय इजा मोठी असली तर पायातून मिळणारे कलम पुरत नाही.

यावर उपाय म्हणून नळीची कल्पना पुढे आली. दोन्ही टोके एका बारीक नळीत दोन बाजूंनी बसवावयाची, म्हणजे मधल्या पोकळीत शरीरातील द्रवापासून तंतुमय दोरी तयार होते, तिच्यावरून श्वॉन पेशी सरकतात आणि त्यांच्या मागून अक्षतंतू येतात. स्वीडनचे गोरान लुंडबोर्ग यांनी सिलिकोनच्या नळ्यांवर या क्रियेचा बारकाईने अभ्यास केला. सिलिकोन शरीरात विरघळत नाही, त्यामुळे नळी पुढे दाब देऊ लागली तर ती काढण्यासाठी पुन्हा शस्त्रक्रिया करावी लागे. त्यानंतर आपोआप विरघळणाऱ्या कृत्रिम पदार्थांच्या आणि प्राण्यांच्या शरीरातील कोलॅजन या प्रथिनाच्या नळ्या आल्या आणि या शतकाच्या प्रारंभापासून त्या पाश्चात्त्य रुग्णालयांत वापरातही आहेत. परंतु त्यांचा भरवसा लहान अंतरापुरता, फार तर तीन सेंटिमीटरपर्यंत धरला जातो. अंतर वाढले की पोकळ नळीतील ती दोरी मध्येच तुटते आणि अंकुरांना धरावयास काही राहत नाही.

रेशमाचा विचार येथून सुरू होतो.

कोषापासून नळीपर्यंत

शस्त्रक्रियेला रेशीम नवे नाही. जखम शिवण्यासाठी वनस्पतींचे तंतू, स्नायूंचे दोर, केस यांचा वापर सुश्रुतसंहितेत सांगितलेला आहे. आधुनिक काळात स्वित्झर्लंडमधील थिओडोर कोखर आणि अमेरिकेतील विल्यम हॉलस्टेड या नामवंत शल्यविशारदांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस रेशमी टाक्यांचा आग्रहाने पुरस्कार केला. रेशमी धाग्याची गणना न विरघळणाऱ्या टाक्यांत होत असली, तरी शरीराच्या आत तो सुमारे वर्षभरात आपली बहुतेक ताकद गमावतो आणि सावकाश झिजत जातो. टाक्याच्या दृष्टीने हा दोष मानला गेला. मज्जातंतूच्या दृष्टीने तोच गुण ठरला. नळी फार लवकर विरघळली तर अंकुर पोचण्यापूर्वीच ती कोसळते. कायम राहिली तर दाबते. महिन्यांच्या हिशेबाने टिकणारी आणि मग नाहीशी होणारी वस्तू हवी होती.

तुतीच्या पानांवर वाढणारा रेशीमकिडा सुमारे एक किलोमीटर लांबीचा अखंड धागा काढून कोष विणतो. हा धागा दोन प्रथिनांचा असतो. आतील मजबूत गाभा फायब्रोइनचा, वजनाने सुमारे ७० ते ८० टक्के. आणि त्यावरील चिकट थर सेरिसिनचा. जुन्या रेशमी टाक्यांनी काही रुग्णांत सूज किंवा ॲलर्जी होई, तिचा दोष मुख्यतः कच्च्या रेशमातील या दोन प्रथिनांच्या एकत्र असण्याकडे जातो. म्हणून वैद्यकीय कामासाठी पहिली पायरी सेरिसिन काढून टाकण्याची. पैठणीचे रेशीम रंगविण्यापूर्वी त्यातील चिकट अंश उकळत्या पाण्यात काढतात, तीच ही क्रिया. कापलेले कोष धुण्याच्या सोड्याच्या, म्हणजे सोडियम कार्बोनेटच्या सौम्य द्रावणात सुमारे अर्धा तास उकळतात, पुनःपुन्हा धुतात आणि वाळवितात. हाती कापसासारखा पांढरा शुभ्र पुंजका येतो.

पुढची पायरी अधिक कौशल्याची आहे. फायब्रोइन पाण्यात विरघळत नाही. लिथियम ब्रोमाइड या क्षाराच्या तीव्र द्रावणात ६० अंश सेल्सिअस तापमानाला मात्र ते काही तासांत विरघळते. मग मूत्रपिंडाच्या रुग्णांचे रक्त ज्या तत्त्वाने शुद्ध करतात, त्याच तत्त्वाने पातळ पडद्यातून क्षार पाण्यात जाऊ देतात आणि केवळ प्रथिन मागे उरते. या द्रावणापासून हवी ती वस्तू करता येते. गोल सळईवर थर देऊन किंवा विजेच्या उच्च दाबाने द्रावणाचे अतिसूक्ष्म तंतू ओढून, ते फिरत्या सळईवर गुंडाळून नळी तयार होते. तिच्यावर अल्कोहोलची प्रक्रिया केली की प्रथिनाच्या साखळ्या घडी घातलेल्या कागदाप्रमाणे एकमेकींवर घट्ट बसतात आणि नळी पाण्यात न विरघळणारी होते. ही घडी किती घट्ट बसवावयाची यावर नळी किती काळ टिकेल हे पुष्कळसे अवलंबून असते. झिजताना तिचे तुकडे होतात ते शेवटी अमिनो आम्लांत मोडतात आणि शरीराला परके राहत नाहीत. काही कृत्रिम नळ्या विरघळताना आसपास आम्लता वाढवितात, तसा प्रकार येथे होत नाही.

प्रयोगांची वाटचाल

चीनमधील नानतोंग विद्यापीठात प्रथम प्रयोगशाळेतील पेशींवर तपासणी झाली आणि फायब्रोइनच्या सान्निध्यात श्वॉन पेशी सुखरूप वाढतात असे दिसून आले. २००७ साली तेथील संशोधकांनी उंदरांच्या पायातील मज्जातंतूत दहा मिलिमीटरचे अंतर ठेवून त्यात रेशमाची नळी बसविली. ही नळी पोकळ नव्हती; तिच्यात रेशमाचेच धागे लांबीच्या दिशेने घातलेले होते. सहा महिन्यांनंतरचे निष्कर्ष शरीरातील कलमाच्या जवळपास पोचणारे होते.

जर्मनीतील हॅनोव्हर येथील संशोधकांनी याहून निराळी वाट धरली. त्यांनी रेशीमकिड्याऐवजी उष्ण प्रदेशातील मोठ्या कोळ्याचे रेशीम घेतले. हा कोळी ज्या धाग्याला लोंबकळतो, तो जिवंत कोळ्याच्या अंगातून हळूहळू ओढून रिळावर गुंडाळतात. अशा धाग्यांचा जुडगा पेशीविरहित केलेल्या रक्तवाहिनीत भरून त्यांनी मेंढीच्या पायातील मज्जातंतूमधील सहा सेंटिमीटरचे अंतर सांधले. २०११ साली प्रसिद्ध झालेल्या या कामानुसार दहा महिन्यांनंतर अक्षतंतू पलीकडे पोचलेले होते. सहा सेंटिमीटर हा आकडा महत्त्वाचा आहे. मनुष्याच्या हातातील मोठी इजा याच मापाची असते. अडचण पुरवठ्याची आहे. कोळी एकमेकांस खातात, त्यांची रेशीमकिड्यांप्रमाणे शेती करता येत नाही.

या दोन वाटा २०२३ साली व्हिएन्नाच्या संशोधकांनी एकत्र आणल्या. नळी रेशीमकिड्याच्या प्रथिनाची आणि आतील धागे कोळ्याचे, अशी रचना करून त्यांनी उंदरांत चांगले परिणाम मिळविले. इटलीच्या कोमो परिसरात, जेथे रेशीमउद्योगाची जुनी परंपरा आहे, तेथे तयार झालेली तीन थरांची नळी झुरिकच्या विद्यापीठ रुग्णालयात हाताच्या बोटांतील मज्जातंतूंसाठी मोजक्या रुग्णांवर वापरून पाहण्यात आली. प्राण्यांकडून माणसाकडे पडलेले हे पहिले पाऊल होते आणि त्याचा हेतू मुख्यतः सुरक्षितता पाहण्याचा होता.

या निष्कर्षांकडे पाहताना सावधगिरी बाळगली पाहिजे. उंदराचा मज्जातंतू माणसापेक्षा फार जोमाने भरून येतो आणि त्याच्या पायाची एकूण लांबीच इतकी थोडी असते की, स्नायू रोडावण्यापूर्वी अंकुर सहज पोचतात. माणसाच्या बाबतीत खरी अडचण अंतराची आणि वेळेची आहे. अंकुरांचा दिवसाला एक मिलिमीटर हा वेग रेशमामुळे लक्षणीय वाढतो, असे मानण्यास आधार नाही. रेशीम त्यांना वाट देते, घाई करीत नाही. आपल्या रुग्णालयांत ही नळी आज नेहमीच्या उपचारात आलेली नाही आणि ती मिळेल म्हणून शस्त्रक्रिया लांबविणे हे तर सर्वस्वी अहिताचे होय.

टसर आणि आपण

आरमोरी व भंडारा या भागांत ढिवर समाजातील कुटुंबे ऐन आणि अर्जुन या झाडांवर टसराचे किडे पाळीत आली आहेत. टसराच्या फायब्रोइनमध्ये अमिनो आम्लांचा असा एक क्रम आढळतो की, ज्याला पेशी आपणहून चिकटतात. तुतीच्या रेशमात तो नसतो. म्हणून खरगपूरच्या भारतीय तंत्रज्ञान संस्थेत भारतीय टसरावर पुष्कळ संशोधन झाले. टसराचा कोष विरघळविणे कठीण असल्याने तेथे प्रथिन थेट किड्याच्या ग्रंथीतून काढण्याची रीत वापरण्यात आली. पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेतही रेशीमप्रथिनापासून सच्छिद्र साहित्य तयार करण्याचे काम झाले आहे. तेथील भर हाडांच्या उपचारावर आहे.

यातून रेशीमउत्पादकाला मोठी बाजारपेठ मिळेल, असे कोणी ग्रामसभेत सांगू लागल्यास मात्र थोडा हिशेब मांडावा. एका कोषाच्या कवचाचे वजन अर्ध्या ग्रॅमहूनही कमी असते आणि तीन सेंटिमीटरच्या नळीला त्याचाही लहानसा अंशच पुरतो. या उपयोगाने रेशमाची मागणी वजनात वाढण्यासारखी नाही.

तोपर्यंत

हाताच्या प्रत्येक खोल जखमेत टाके घालण्यापूर्वीच बोटांची संवेदना तपासली गेली पाहिजे. ही तपासणी शिक्षक किंवा ग्रामपंचायत सदस्यही करू शकेल इतकी सोपी आहे. जखमी व्यक्तीला डोळे मिटावयास सांगून तर्जनीच्या टोकाला, करंगळीच्या टोकाला आणि अंगठा व तर्जनी यांमधील पंजाच्या मागच्या भागाला कापसाने हलका स्पर्श करावा. ही तीन ठिकाणे हाताच्या तीन मुख्य मज्जातंतूंची होत. जेथे स्पर्श कळत नाही, तेथे जाणारा मज्जातंतू दुखावला आहे असे समजून रुग्णास अशी शस्त्रक्रिया होणाऱ्या मोठ्या रुग्णालयात पाठवावे. लहान मूल सांगू शकत नसेल तर बोटाच्या कातडीकडे पाहावे; मज्जातंतू तुटलेल्या बोटाला काही काळाने घाम येईनासा होतो आणि ते कोरडे लागते. स्वच्छ कापलेला मज्जातंतू पहिल्या काही दिवसांत जोडणे सर्वांत चांगले. जखम चिरडलेली किंवा दूषित असेल तर शल्यविशारद सुमारे तीन आठवडे थांबतात, पण ते थांबणे ठरवून केलेले असते.

शस्त्रक्रियेनंतरचे महिने घरी काढावयाचे असतात. बधिर बोटांना चटका कळत नाही. चूल, तवा, गरम पेला यांच्याशी काम करताना डोळ्यांनी पाहूनच हात पुढे करावा लागतो. बोटे आखडू नयेत म्हणून दुसऱ्या हाताने ती रोज हलवावी लागतात. या काळात काहीच घडत नाही असे वाटून अनेक रुग्ण तपासणीस जाणे सोडतात. वास्तविक आत काय चालले आहे हे कळण्याची एक साधी खूण आहे. पहिल्या महायुद्धातील जखमी सैनिकांची तपासणी करताना फ्रान्सच्या ज्यूल टिनेल यांनी ती १९१५ साली वर्णिली. मज्जातंतूच्या मार्गावर बोटाने हलकेच टिचकी मारीत गेल्यास, अंकुर जेथवर पोचले असतील तेथे पुढच्या बधिर भागात मुंग्या आल्यासारखे होते. डॉक्टर त्या जागेचे जखमेपासूनचे अंतर कागदावर नोंदवितात. पुढच्या महिन्याच्या तपासणीत मुंग्यांची जागा साधारण तीन सेंटिमीटर पुढे सरकलेली असते.